प्रोफेशनल फुटबॉल सोडून फिल्ममेकिंग शिकायला गेले, त्या बारा आठवड्यांच्या कोर्सचा रिव्ह्यू

नऊ वर्षं प्रोफेशनल फुटबॉल खेळले, राइट बॅक, मग गुडघ्याचं लिगामेंट दुसऱ्यांदा तुटलं आणि डॉक्टर काही बोलायच्या आतच मला कळलं की आता संपलं. वर्षभराने हा कोर्स केला. नाव देत नाही कारण खाली तक्रारीपण आहेत, पण खेळातून इकडे यायचा विचार करणाऱ्या कुणाला तरी उपयोग होईल म्हणून सविस्तर लिहितेय.

सगळ्यात चांगली गोष्ट म्हणजे पहिल्याच आठवड्यात हातात कॅमेरा देतात, थिअरी नंतर. मी पेनल्टी किकचा सीन घेतला, मारणारी आणि गोलकीपर, दोनच जणी. मारणारीचा क्लोजअप एका बाजूने घेतला आणि मग पलीकडे उजेड चांगला होता म्हणून तिकडे जाऊन गोलकीपरचा घेतला, आणि एडिटला बसले तर दोघी एकाच दिशेला बघतायत, समोरासमोर आहेत असं वाटतच नाही. १८० डिग्रीचा नियम म्हणतात तो हाच, दोघींमधून एक रेघ आहे असं धरायचं आणि कॅमेरा तिच्या एकाच बाजूला ठेवायचा. टीव्हीवर मॅचचे मुख्य कॅमेरे मैदानाच्या एकाच बाजूला का असतात हे इतकी वर्षं खेळून मला माहीत नव्हतं, त्या दिवशी कळलं.

स्लो मोशनचंही तसंच. सेकंदाला १२० फ्रेम्सवर शूट करून २४ वर चालवलं की पाचपट स्लो होतं एवढं ऐकून होते, पण त्यासाठी शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमला उजेड आत यायचा वेळ, १/२४० सेकंदाच्या आसपास ठेवावं लागतं म्हणजे उजेडपण तेवढाच कमी मिळतो हे डोक्यात आलं नाही, संध्याकाळचं सगळं फुटेज काळपट आणि दाणेदार.

पण ज्याच्यासाठी हा कोर्स लक्षात राहील ते वेगळंच. माझं पहिलं फुटेज बघून शिकवणाऱ्या मॅडम म्हणाल्या, तू बॉलच्या मागे पळतेयस, बॉल सगळ्यांनी बघितलाय, बाकीच्यांना न दिसलेलं तुला काय दिसतं ते दाखव. मग मी कॅमेरा गोलकीपरच्या हातांवर ठेवला. शिट्टी वाजायच्या आधी ती ग्लोव्हजवर थुंकते, तळवे एकमेकांवर घासते आणि मनगटाचा पट्टा खर्रकन उघडून परत घट्ट लावते, दोनदा. चार सेकंदांचा शॉट आहे, माझ्या अख्ख्या फिल्ममधला सगळ्यात खरा. आपण खेळाडू बरोबर आणतो ती शिदोरी हीच आहे असं मला मनापासून वाटतं. रॉन शेल्टन बेसबॉलच्या मायनर लीगमध्ये खेळला, मेजर लीगपर्यंत पोचलाच नाही, आणि १९८८ मध्ये त्याने स्वतः लिहून दिग्दर्शित केलेली 'बुल डरहॅम' त्याच मायनर लीगवर होती, स्क्रिप्टला ऑस्कर नॉमिनेशन मिळालं. बास्केटबॉलवाला कोबी ब्रायंट २०१६ मध्ये रिटायर झाला आणि २०१८ मध्ये ॲनिमेटेड शॉर्ट फिल्मसाठी ऑस्कर घेऊन आला, पण तिथं त्याने लिहिलं स्वतःचं आणि दिग्दर्शन दिलं ग्लेन कीनला, संगीत जॉन विल्यम्सला. जे आपलं आहे ते आपण करायचं आणि बाकी ज्याचं काम त्याला द्यायचं, हे नव्याने येणाऱ्याने जरूर बघावं.

अवघड काय गेलं तर सेटवर दिग्दर्शक म्हणून उभं राहणं. इतकी वर्षं किती वाजता उठायचं, काय खायचं, कुठे उभं राहायचं सगळं कोणीतरी सांगायचं, आणि इथं सगळे माझ्याकडे बघतायत, लेन्स कुठली, नटी डावीकडून येणार की उजवीकडून, ब्रेक कधी. पहिल्या दिवशी माझ्या तोंडातून शब्द फुटेना. कोर्समध्ये दर आठवड्याला रोल बदलतात ते फार बरं आहे, एकदा बूम (लांब काठीवरचा माइक) धरा, एकदा कंटिन्युइटी (शॉट एकमेकांशी जुळावेत म्हणून नोंदी) लिहा, एकदा असिस्टंट डिरेक्टर. ए.डी.चं काम मला लगेच जमलं, वेळ पाळायची, पुढचा शॉट तयार ठेवायचा, लांबून ओरडून माणसं हलवायची. खेळातून येणाऱ्यांनी सुरुवात तिथूनच करावी असं माझं मत.

आता तक्रारी. साउंडला फक्त अर्धा दिवस. शूट झाल्यावर सगळ्यांना गप्प उभं करून त्या जागेची शांतता तीस सेकंद रेकॉर्ड करून ठेवायची असते हे कुणी सांगितलंच नाही, त्यामुळे माझ्या फायनल फिल्ममध्ये प्रत्येक कटला मागचा आवाज बदलतो आणि ते कानाला टोचतं. काम कसं मिळतं, पैसे कधी हातात येतात यावर एक शब्द नाही, आणि करारावर तारखेसकट सगळं लिहिलेलं असायची सवय असलेल्या माणसाला हे आधी कळायला हवं. आणि मला न विचारता माझा जर्सीतला फोटो जाहिरातीत टाकला, दोन मेल केल्यावर काढला. मी तिथं शिकायला गेले होते, विचारलं असतं तर हो म्हणाले असते.

पाचपैकी साडेतीन. साउंड वेगळं शिकायची तयारी असेल तर करा.