फीनिक्सने जुने नोकिया जिवंत करतोय, आठ महिन्यांनंतरचा अनुभव

गेले आठ महिने फीनिक्स सर्विस सॉफ्टवेअर वापरतोय. हे मुळात नोकियाच्या सर्विसवाल्यांसाठी केलेलं, त्यामुळे आपल्याला हाताला धरून काही सांगत नाही. सुरुवात बाबांच्या ५८०० एक्सप्रेसम्युझिकपासून झाली. अपडेट चालू असताना लाईट गेली, लॅपटॉपची बॅटरी आधीच मेलेली, झालं, फोन बंद तो बंदच. दुकानात म्हणाले बोर्ड गेलाय, टाकून द्या.

बोर्ड गेला नव्हता! फीनिक्स उघडून मॅनेज कनेक्शनमध्ये नो कनेक्शन, ओपन प्रॉडक्टमधून आरएम-३५६ (हा या मॉडेलचा नंबर), मग फर्मवेअर (फोनचं आतलं सॉफ्टवेअर) अपडेटमध्ये डेड फोन यूएसबी फ्लॅशिंगवर टिक करून रिफर्बिश. हे सॉफ्टवेअर नव्याने भरणं म्हणजेच फ्लॅश करणं. सॉफ्टवेअर सांगेल तेव्हाच पॉवर बटण दाबून लगेच सोडायचं. माझं चार वेळा फसलं कारण मी व्हर्च्युअल मशिनमध्ये (कॉम्प्युटरच्या आत सॉफ्टवेअरने चालवलेला दुसरा कॉम्प्युटर) करत होतो, फोन मधेच यूएसबीवरून सुटून परत लागतो आणि तिथे तो पकडलाच जात नाही. भावाचा विंडोज ७ चा लॅपटॉप आणला आणि पहिल्या फटक्यात झालं. बॅटरी आधी बाहेरच्या चार्जरवर फुल करून घ्या, हे विसरू नका.

आता सगळ्यात महत्त्वाचं, प्रॉडक्ट कोड, म्हणजे फोन कुठल्या भागासाठी बनलाय ते सांगणारा नंबर. घाईत मी यादीतला युरोपचा कोड निवडला, फोन चालू झाला पण मेमरी कार्डवर आईचे देवनागरीत आलेले जुने मेसेज होते ते सगळे चौकोन चौकोन. पोटात गोळा आला. भाषेची फाईल वेगळी असते आणि कोणती पडणार ते या कोडवर ठरतं. बॅटरी काढली, खालच्या लेबलवरचा सात आकडी कोड बघून परत फ्लॅश केला आणि सगळे मेसेज नीट दिसले. बाबा बराच वेळ वाचत बसले होते.

त्यानंतर ओळखीतल्यांचे मिळून नऊ फोन केले, सहा उठले. स्क्रीनवर 'कॉन्टॅक्ट सर्विस' असा मेसेज येत असेल तर फ्लॅशवर फार भरवसा ठेवू नका, माझे दोन तसेच राहिले. फोन मेमरीतलं सगळं उडतं, सिमवरचे नंबर राहतात. जिओचं सिम यात चालणार नाही, ते फोर-जीशिवाय चालत नाही. आणि आयएमईआय (प्रत्येक फोनचा स्वतःचा ओळख नंबर) बदलून द्या म्हणून कोणी आलं तर सरळ नाही म्हणा, आपल्याकडे तो गुन्हा आहे.

कंपनीकडून या फर्मवेअरच्या फाईली आता मिळत नाहीत, म्हणून जी फाईल चालली ती मी कोड लिहून तीन ठिकाणी कॉपी करून ठेवलीय.