मॉड्यूल प्रोग्रॅमिंगसाठी काय घ्यावं: कंपनीचं सॉफ्टवेअर की बेंच टूल?

गाडीतला फॉल्ट कोड (बिघाडाचा कोड) वाचताना चुकलात तर पुन्हा वाचता येतो. मॉड्यूलमध्ये, म्हणजे गाडीतल्या इलेक्ट्रॉनिक कंट्रोल युनिटमध्ये, फाइल लिहिताना मध्येच कनेक्शन तुटलं, तर मात्र चालू गाडी जागच्या जागी उभी राहू शकते. म्हणून टूल निवडताना किती गाड्यांची यादी दिली आहे, याआधी मी एकच गोष्ट बघतो: बिघडलं तर मागे येता येतं का?

कंपनीचं सॉफ्टवेअर जे२५३४ इंटरफेसवरून (गाडी आणि लॅपटॉप जोडणाऱ्या प्रमाणित उपकरणावरून) चालवलं, की चासी नंबरप्रमाणे योग्य फाइल थेट सर्व्हरवरून येते. नवीन मॉड्यूल बसवणं, अपडेट, चावीची जुळणी यासाठी याला तोड नाही. फोक्सवॅगन-ऑडीचं कंपोनंट प्रोटेक्शन (दुसऱ्या गाडीतलं मॉड्यूल चालू न देणारं कुलूप) अधिकृतपणे काढायचं तर ऑनलाइनच जावं लागतं. अनेक कंपन्या दिवसाच्या हिशोबानेही सबस्क्रिप्शन देतात, त्यामुळे महिन्यातून एक-दोन कामं असतील तरी परवडतं. अडचण अशी की ईसीयू (इंजिनाचं कंट्रोल मॉड्यूल) बोलतच नसेल तर हे सॉफ्टवेअर हतबल होतं. शिवाय नवी फाइल जाते, पण आधीच्या डेटाची पूर्ण प्रत सहसा हाती येत नाही.

ती प्रत बेंच टूल देतं. मॉड्यूल गाडीतून काढून थेट पिनांवर जोडायचं आणि फ्लॅश, ईईप्रॉम या त्याच्या दोन्ही मेमरी वाचून ठेवायच्या. पाणी गेलेल्या ईसीयूचा डेटा त्याच पार्ट नंबरच्या दुसऱ्या ईसीयूत टाकला, की सहसा इमोबिलायझरसकट (चोरी रोखणाऱ्या चावीच्या कुलपासकट) गाडी सुरू होते. मेहनत जास्त, सोल्डरिंगला हात हवा, आणि फाइल बदलल्यावर चेकसम (फाइल बरोबर आहे का हे पडताळणारा आकडा) दुरुस्त न करणारं टूल असेल तर सगळं पाण्यात. एअरबॅग मॉड्यूलमधला क्रॅश डेटाही (अपघाताची नोंद) यातून पुसता येतो. पण कंपनी मॉड्यूल बदला म्हणत असेल तर मी बदलतोच. तिथे माणसाच्या जिवाचा प्रश्न आहे.

क्रॅक केलेली स्वस्त कॉपी मी तुलनेतही धरत नाही. अँटिव्हायरस बंद करून बसवायची, अपडेट मिळत नाही, आणि लिहिताना अडकली तर विचारायचं कुणाला?

दोन्हींपैकी काहीही घ्या, गाडीवर काम करताना सुमारे १३.५ व्होल्ट स्थिर ठेवणारा पॉवर सप्लाय आधी घ्या. साधा चार्जर चालणार नाही. दोन्ही टूल एकदम परवडत नसतील आणि तुमच्याकडे मुख्यतः चालू गाड्या येत असतील, तर सुरुवात कंपनीच्या सॉफ्टवेअरने करा. मेलेले ईसीयू येत असतील तर बेंच टूल. ते विकत घेण्याआधी एकाच मॉड्यूलची फाइल दोनदा वाचायला लावा आणि दोन्ही प्रती बाइट न् बाइट जुळतात का ते समोर तपासून घ्या.