‘डीटूर’ लावू की ‘द हिच-हायकर’?

लातूरला शिकणाऱ्या माझ्या भाच्याला रविवारी रूमवरच्या पोरांना एक रोड मूव्ही दाखवायचीय. दीड तासाच्या आत संपणारी हवी. तो या दोन कृष्णधवल सिनेमांत अडकलाय.

वेळेचा प्रश्नच नाही, दोन्ही सव्वा तासाच्या आत संपतात.

खरा फरक रस्त्यात आहे. ‘डीटूर’ (१९४५) करताना दिग्दर्शक एडगर उल्मरकडे पैसा तुटपुंजा होता. न्यूयॉर्क ते लॉस एंजेलिस हा प्रवास बराचसा स्टुडिओत, गाडीमागच्या पडद्यावर रस्ता पळवून उभा केलाय. ते लपत नाही. पण अ‍ॅन सॅव्हेजची जहरी व्हेरा गाडीत बसली की रस्त्याकडे बघतंय कोण! आयडा लुपिनोनं ‘द हिच-हायकर’मध्ये (१९५३) कॅमेरा उघड्यावर नेला. मासेमारीला निघालेले दोन मित्र, मागच्या सीटवर लिफ्ट मागून बसलेला पिस्तूलवाला, भोवती मेक्सिकोचा वैराण मुलूख. या पिस्तूलवाल्याचा एक डोळा झोपेतही मिटत नाही, त्यामुळे तो जागाय की झोपलाय तेच कळत नाही. एप्रिलात बालाघाटच्या डोंगरांतून गेलेल्याला ते ऊन ओळखीचं वाटेल.

भाषेचं म्हणाल तर ‘डीटूर’मध्ये नायकाचं निवेदन सतत चालू असतं, सबटायटल हवेतच. दुसऱ्यातली भीती नुसती बघूनही पोचते.

दोन्ही अमेरिकेत कॉपीराइटमुक्त, म्हणून नेटवर खराब प्रती फार. तेव्हा भाच्या, ‘डीटूर’ची तरी दुरुस्त केलेली प्रतच शोध.

पोरांच्या घोळक्यात ‘द हिच-हायकर’च लाव. स्वतःला कमी पैशांत फिल्म करायची असेल, तर ‘डीटूर’ एकट्यानं, हेडफोन लावून बघ.