आधी ‘क्रुसेडर किंग्ज २’ की ‘युरोपा युनिव्हर्सलिस ४’?

ग्रँड स्ट्रॅटेजी, म्हणजे नकाशावर अख्खे राज्य चालवण्याच्या संगणकीय खेळांकडे नव्याने वळणाऱ्याने सुरुवात कोठून करावी, हा प्रश्न बहुधा या दोन जुन्या खेळांपाशी येऊन थांबतो. स्टॉकहोमच्या पॅरडॉक्स या कंपनीने पहिला २०१२ मध्ये आणि दुसरा २०१३ मध्ये आणला. दोन्हींत समोर भलामोठा नकाशा असतो आणि काळ दिवसादिवसाने सरकतो. फरक आहे तो आपण कोणाच्या भूमिकेत खेळतो याचा.

‘क्रुसेडर किंग्ज २’मध्ये आपल्या हाती राज्य नव्हे, घराणे असते. राजा मरण पावला की त्याचा वारस होऊन पुढे खेळायचे, आणि गॅव्हलकाइंड या वारसापद्धतीने मुलांमध्ये वाटणी झाली तर बापाने तीस वर्षे जोडलेला मुलूख एका दिवसात भाऊबंदकीत विखुरतो. म्हणून सोयरीक कोणाशी जुळवावी, कोणत्या मुलाला कोणाच्या हाताखाली घडवावे, हे प्रश्न लढाईइतकेच गंभीर होतात. हरल्यावरही सांगण्याजोगी कहाणी उरते, आणि माझ्या मते हा खेळ टिकून राहण्याचे कारण तेच आहे.

‘युरोपा युनिव्हर्सलिस ४’मध्ये राजे येतात-जातात, राज्य आपले राहते. १४४४ ते १८२१ या काळात प्रशासन, मुत्सद्देगिरी आणि लष्कर यांच्या गुणांचा हिशेब राखावा लागतो. घाईने मुलूख घेतला तर शेजारी एकजुटीने उलटतात. दख्खनच्या इतिहासात रमणाऱ्याला हा अधिक जवळचा वाटेल, कारण आरंभीच बहमनी आणि विजयनगर समोरासमोर उभे असतात. एक गोष्ट मात्र मला मनापासून खटकते. व्यापाराचे प्रवाह आधीच आखलेले असून ते अखेर व्हेनिस, जिनोआ किंवा इंग्लिश खाडीलाच मिळतात, त्यामुळे गुजरातच्या किनाऱ्यावर कितीही वर्चस्व मिळवले तरी युरोपची संपत्ती इकडे ओढता येत नाही. प्रत्यक्षात त्याच शतकांत कापड आणि मसाल्यांच्या मोबदल्यात युरोपातून चांदी हिंदुस्थानात येत होती.

खर्चाचे म्हणाल तर ‘क्रुसेडर किंग्ज २’चा मूळ खेळ २०१९ पासून मोफत आहे, मात्र त्यात केवळ ख्रिस्ती राजे खेळता येतात, भारतीय राजांसाठी २०१४ ची ‘राजाज ऑफ इंडिया’ ही डीएलसी, म्हणजे मूळ खेळाला जोडायची पुरवणी, विकत घ्यावी लागते. दुसरा खेळ विकतचा असला तरी त्यात भारतातील राज्ये मूळ खेळातच खेळता येतात.

दख्खनच हवे असेल तर दुसरा घ्यावा. एरवी मी पहिल्यापासून आरंभ करायला सांगेन, तोही १०६६ च्या आयर्लंडमधील एखाद्या लहान सरदारापासून, कारण तेथे शेजारीही तितकेच लहान असतात आणि पहिल्या चुका निभावून जातात.