एका सीटचं विमान अन् सगळा जीव पेट्रोलच्या नळीत

दिवाळीच्या आधी शेडमध्ये किटचे सुटे भाग जोडून उभं केलेलं विमान आता पावसामुळे बंद आहे. काळ्या मातीत चाक फिरतच नाही, त्यामुळे लिहायला वेळच वेळ. ॲल्युमिनियमचे पाइप, त्यावर डॅक्रॉनचं कापड, रोटॅक्स ५०३ हे टू-स्ट्रोक इंजिन. मोजमापं विमान विकत घेणाऱ्यांना पाठच असतात. नोंदणी आणि परवानग्यांचं रामायण पुन्हा कधी. आज फक्त नळी. लाखोंचं विमान उन्हाळ्यात शे-दोनशे रुपयांच्या रबरापायी जागेवर बसलं.

हिंगणघाटच्या पुढे चुलतभावाच्या पडीक वावरात मुरूम टाकून पट्टी केली आहे. सकाळी रोही (नीलगाई) हाकलून झाले, चाकांना अटकाव लावून पूर्ण थ्रॉटल दिला. मिनिटाला सहा हजार फेऱ्यांच्या वर इंजिनाचा आवाज भसकन उतरला, चढला, परत उतरला. धुऱ्यावरचा म्हातारा ओरडला, "काऊन गा, बसली का तुई चिमणी?" बसलीच होती. पेट्रोल चढवायला हाताने दाबायचा रबरी फुगा वाळल्या कवठासारखा टणक. नळी कापली तर आतली काळी भुकटी बोटाला लागली, तीच फिल्टरच्या तळाशी. पंपाचा पडदाही ताठरलेला. हा पंप क्रॅंककेसमधल्या दाबाच्या ठोक्यांवर चालतो. पडदा ताठरला की पेट्रोल कमी, हवा जास्त आणि टू-स्ट्रोक तापून जाम. हे जमिनीवर कळलं, म्हणून लिहितो आहे.

विक्रेत्याला फोन केला. "सर, रबर पार्ट वॉरंटीत येत नाही." बरं, नळी पेट्रोलमधलं इथेनॉल सोसणारी आहे का? "सर, इंपोर्टेड आहे." आता याला काय म्हणावं! तीनदा विचारलं, तीनदा इंपोर्टेड. किटमध्ये बोल्टचीसुद्धा यादी आहे, पण नळी कुठल्या दर्जाची ते एका ओळीतही नाही.

२०२३ पासून आपल्याकडे २० टक्के इथेनॉलचं पेट्रोल यायला लागलं आणि आता बहुतेक पंपांवर तेच. इथेनॉलसाठी मका लावणारे गाववाले खूश आहेत, राहोत बापडे. पण इथेनॉल साध्या रबराला खातं आणि हवेतला ओलावा ओढतं. खूण केलेल्या काचेच्या नळीत दहा मिली पाणी, वर शंभर मिली पेट्रोल ओता, हलवून थोडा वेळ ठेवा. पाण्याची रेघ तिशीजवळ चढते, कारण इथेनॉल खाली पाण्यात उतरतं. टाकीत ओलावा साचला की हेच होतं. ऑइल वर पेट्रोलमध्येच राहतं आणि खालचा बिनऑइलचा थर आधी इंजिनात जातो. टू-स्ट्रोकचं वंगण म्हणजे तेच ५० ला १ मिसळलेलं ऑइल; ते गेलं की पिस्टन गेला.

पाण्याने धुऊन इथेनॉल काढायचा सल्ला बरेच जण देतात. करू नका. इथेनॉलमुळेच ऑक्टेन, म्हणजे पेट्रोलची अवेळी न पेटण्याची ताकद, वर असतो. ते काढलं की उरलेलं पेट्रोल अवेळी पेटून इंजिनात ठोके द्यायला मोकळं. विमानाचं खास पेट्रोल, १००एलएल, २०२२ पासून इंडियन ऑइल बडोद्यात बनवते, पण त्यात शिसं असतं, प्लगवर साचतं, आणि ते आणायला जायचं कुठे? मोठ्या शहरात १०० ऑक्टेनचं मिळतं, पण त्या भावात महिन्याचा किराणा येतो. मी पंपाचंच वापरतो, नळी बदलून.

इंजिनाला दोन स्टार द्यायचं ठरवून हे लिहायला घेतलं होतं. मग एक्झॉस्ट काढून आत बॅटरी मारली: पिस्टनवर ओरखडा नाही, रिंगा मोकळ्या. स्टार परत. कापडाचं तर कौतुकच करावं लागेल. घरच्या इस्त्रीने ताणलेलं डॅक्रॉन अख्खा मे महिना टणटणीत राहिलं. टिचकी मारली की डफ वाजतो. मात्र ४५ अंशांत विमान पट्टीवर धावतच राहतं, लवकर उठत नाही. आपली जमीन समुद्रसपाटीपासून दोन-तीनशे मीटरवर, पण त्या उन्हात पंखाला दीड हजार मीटरच्या आसपास असल्यासारखी विरळ हवा मिळते. पट्टी तशी लांब ठेवा, नाहीतर सकाळी साडेसातच्या आत उतरून चहा प्या.

आता बसवलेल्या नळीवर 'एसएई जे३० आर९' हा पेट्रोलच्या नळीचा दर्जा छापलेला आहे, आतून फ्लोरोइलॅस्टोमर, म्हणजे इथेनॉल सोसणारं रबर. मीटरला पाच-सहा लिटर पेट्रोलचे पैसे मोजताना जीव वर आला खरा. क्लिपा गोल पट्टीच्या घ्या, तारेच्या नको. पंपाचा पडदा दरवर्षी बदला. पावसाळ्यात टाकी आणि कार्ब्युरेटरच्या वाट्या कोरड्या करून ठेवा.

भांडून भांडून विक्रेत्याने शेवटी फुकटात नळी पाठवली. तीच, जुनी, इंपोर्टेड. भावाने ती फवारणीच्या पंपाला लावली, तिथे अजून तरी चालते आहे.