तिबेटी बाजारातलं फ्लीस जॅकेट: किल्ला चढणाऱ्यांसाठी

ग्वाल्हेरच्या थंडीत सकाळी किल्ला चढत असाल तर एकच जाडजूड स्वेटर घालून निघू नका. यंदा तिबेटी विक्रेत्यांच्या बाजारातून 700 रुपयांना फुल चेनचं फ्लीसचं, म्हणजे लवदार पॉलिस्टर कापडाचं, जॅकेट घेतलं, आणि महिनाभर तेच वापरतेय.

ग्वाल्हेर गेटातून शिरून गुजरी महाल मागे पडला की चढ अंगावर येतो. शून्य कोरलेल्या शिलालेखाचं चतुर्भुज मंदिर येईपर्यंत पाठ घामेजते. वर मानमंदिर महालापाशी उघड्यावर वारा असा झोंबतो की आत सुती बनियन असेल तर हुडहुडीच भरते. सूत घाम पितं आणि ओलंच राहतं. ओल्या कापडातून अंगातली ऊब भराभर निघून जाते. म्हणून आत पातळ लोकरीचा इनर, त्यावर हे फ्लीस. त्याच्या लवेत हवा अडकून राहते, ऊब धरते ती हवाच. पण वारा मात्र ते अडवत नाही, त्यासाठी पिशवीत घडी करून विंडचीटर हवाच.

मला आवडली ती चेन. चढताना छातीपर्यंत उघडायची, हत्ती पोळ हा वरचा दरवाजा जवळ आला की हनुवटीपर्यंत ओढायची आणि वर विंडचीटर चढवायचा, गारठण्याआधीच. बाबा सत्तरीपुढचे, त्यांना चेन बंद ठेवायची सवय. "बाबा, उघडा आधी, मग चढा," हे रोज सांगते. आता त्यांनाही पटलंय. वर पोचल्यावर त्यांची पाठ कोरडी असते, याचं मला फार समाधान आहे.

खिशांना चेन नाही, ही मोठी उणीव. किल्ली, मोबाइल वाकलं की बाहेर. कोपरांवर गोळे धरू लागलेत. धुवायला सोपं, वाळतंही लवकर, पण इस्त्री अजिबात लावू नका, पॉलिस्टर वितळतं.

हजीऱ्याला तानसेन समारोहात, म्हणजे संगीत महोत्सवात, रात्री बसायचं असेल तर मात्र एवढ्यावर भागत नाही. चालताना अंग स्वतः तापतं, मांडी घालून बसल्यावर ते होत नाही. तिथे फ्लीसवर जाड जॅकेट, कानटोपी आणि खाली सतरंजी हवी.

घेताना इनर घालूनच मापून बघा. मी एक साइज मोठा घेतला, हात वर केले तरी कंबर उघडी पडत नाही.