‘अधांतरी कडा’ किट: दगड जमलाय, गोंद फसलाय

टेबलावर मिनिएचर, म्हणजे छोट्या मूर्ती, मांडून खेळल्या जाणाऱ्या भूमिकाखेळांसाठी तरंगता कडा घरी बनवायचं हे किट आहे. नागपूरच्या बर्डीत 2,400 रुपयांना मिळतं. सोबतच्या पत्रिकेत त्या काल्पनिक जगाची कथा आहे: ग्रहणाच्या रात्री लाव्हा निवला, भेगांमध्ये चांदणं अडकलं, कड्याचा वरचा अर्धा भाग जमिनीपासून सुटला आणि तेव्हापासून अधांतरी आहे. ग्रहण लागलं की खांब घुमतात. कथा छान आहे, आणि डब्यातला दगडही बऱ्यापैकी तिला साजेसा आहे.

आत एक्सपीएस फोमचे (थर्माकोलसारखा, पण दाट) 48 खांब, 30 सेंटिमीटर चौरस एमडीएफचा (दाबलेल्या लाकडी भुशाचा) पाट, तरंगता तुकडा पेलायला तीन पारदर्शक अ‍ॅक्रिलिक दांड्या, स्फटिकांसाठी सिलिकॉनचा साचा, त्यात ओतायला 100 ग्रॅम रेझिन (घट्ट होणारा द्रव), सहा जांभळे एलईडी आणि बटन सेल. फोमची प्रत उत्तम, कापाची कड स्वच्छ. तरी सगळे खांब अगदी एकसारखे षटकोनी, तिथेच नजर अडते. बेसाल्ट, म्हणजे लाव्ह्याचा काळा दगड, निवताना आकसतो, भेगा साधारण 120 अंशांत मिळतात, म्हणून षटकोन जास्त दिसतात. पण पाच आणि सात बाजूंचे खांबही त्यांच्यात असतातच. अंधेरीची गिल्बर्ट हिल किंवा यवतमाळ जिल्ह्यातल्या शिबला-पार्डीचे खांब ज्यांनी पाहिलेत त्यांना हे किट शाळेच्या प्रदर्शनातलं वाटेल. उपाय सोपा आहे: दर तिसऱ्या खांबाची एक कड कटरने उतरवा आणि चुरगळलेल्या अ‍ॅल्युमिनियम फॉइलचा गोळा सगळ्यांवर दाबून फिरवा.

दुसरी चूक मोठी. लाव्ह्याच्या जाड थरात बहुधा खाली जाड, सरळ खांब असतात आणि वर बारीक, वेडेवाकडे. सूचनांच्या आकृतीत नेमकं उलटं दाखवलंय. तरंगणारा तुकडा कड्याचा वरचा भाग आहे, तर बारीक खांब तिथे लावा, थोडे कलते. जादू असली म्हणून लाव्हा उलटा निवत नाही.

स्फटिक बाहेरून चिकटवायला सांगितलेत, केकवरच्या चेरीसारखे. आपल्या दख्खनच्या दगडात ते पोकळीत वाढतात आणि पोकळीला बऱ्याचदा हिरवट अस्तर असतं. खांबात नखाएवढे खड्डे कोरा, आत हिरवट राखाडी रंग द्या, मग स्फटिक बसवा. जांभळा रंग कथेतला आहे, त्याबद्दल तक्रार नाही.

खेळताना खटकणारी गोष्ट वेगळीच. खांबाचा माथा 14 मिलिमीटरचा, मिनिएचरची बैठक 25 मिलिमीटरची. एका खांबावर कोणीच उभं राहत नाही! तीन-तीन खांब एकाच उंचीला कापून गट करा, निदान सहा ठिकाणी.

आता गोंद. सूचनांत ग्लू गन आहे. नवतपात, म्हणजे मे अखेरच्या कडक दिवसांत, उन्हात उभ्या बंद गाडीत हा गोंद मऊ पडतो आणि वरचा तुकडा हळूच एका बाजूला झुकतो. सॉल्व्हेंटवाला रबरी गोंद तर नकोच, तो फोम खातो. स्प्रे पेंटही तसाच. खांबांना पांढरा फेविकॉल लावून रात्रभर दाबून ठेवा. दांड्यांना दोन भागांचा इपॉक्सी. रंगाचा पहिला हात म्हणजे फेविकॉल आणि काळा अ‍ॅक्रिलिक समप्रमाणात.

दांड्यांची भोकं पाटात फक्त 5 मिलिमीटर खोल आहेत, त्यामुळे कडा डुलतो. खालून तेवढ्याच जाडीचा तुकडा चिकटवून खोली दुप्पट करा. वरच्या फोममध्येही प्लायची चकती बसवा, नाहीतर भोक दोन-चार वेळा काढघाल केल्यावर सैल होतं. दांड्या साबणाच्या पाण्यानेच पुसा. स्पिरिटने अ‍ॅक्रिलिकला बारीक तडे जाऊ शकतात.

रेझिन मात्र मे महिन्यात ओतू नका. उष्णतेने ते भरभर घट्ट होतं आणि बुडबुडे आत अडकतात. कूलरसमोर ओतलं तर दमट हवेने पृष्ठभाग दुधाळ होतो, आणि नागपुरात उन्हाळ्यात कूलरशिवाय बसणार कोण? एक तर पहाटे कूलर बंद करून ओता, नाहीतर डिसेंबरची वाट बघा. प्रमाण वजनकाट्यावरच मोजा, चमच्याने मोजलेलं चिकट राहतं.

एलईडीची जोडणी सगळ्यात कच्ची. एका सेलवर दोन जांभळे दिवे दिलेत. त्यांना तीन व्होल्टपेक्षा थोडं जास्तच लागतं, म्हणून सेल जरा उतरला की स्फटिक मंदावतात. तीन एए सेलचा डबा पाटाखाली लावा, प्रत्येक दिव्याला 100 ओहमचा रेझिस्टर. घरात लहान मूल असेल तर ते बटन सेल डब्यातून आधी बाहेर काढून सुरक्षित जागी ठेवा, गिळले गेले तर जिवावर बेततं.

पाचपैकी साडेतीन. फोमसाठी घ्या, सूचनांची पत्रिका फक्त कथेसाठी ठेवा. दुकानातून निघताना साचा उघडून बघा. त्याची कड फाटलेली असेल तर स्फटिकाचं टोक प्रत्येक वेळी बोथट निघतं.